घरच्या सिनेमासाठी प्रोजेक्टर: खोक्यावरचे आकडे आणि भिंतीवरचा उजेड

दहा हजारांचा प्रोजेक्टर आणि दीड लाखाचा प्रोजेक्टर, दोघांच्या खोक्यावर ‘फोर-के’, ‘एचडीआर’ आणि ‘३०० इंच’ हेच शब्द छापलेले असतात. त्यातला एकही शब्द खरेदीच्या कामाचा नाही. भिंतीवर चित्र कसं दिसेल हे दोन गोष्टी ठरवतात: प्रोजेक्टर खरोखर किती उजेड टाकतो आणि तुमची खोली किती काळोखी होते. तिसरी गोष्ट म्हणजे नेटफ्लिक्स, प्राइम व्हिडिओ, जिओहॉटस्टार त्यावर पूर्ण दर्जाने चालतात का. या तीन गोष्टी नीट तपासल्या की बाकीची निवड सोपी जाते. त्या न तपासता केलेली खरेदी दोन महिन्यांत माळ्यावर जाते.

आधीच एक गोष्ट सांगून टाकायला हवी. दिवसा पडदे न लावता मॅच बघायची असेल, संध्याकाळी ट्यूबलाइट चालू ठेवून मालिका बघायच्या असतील, तर प्रोजेक्टर घेऊ नका. त्याच पैशात ५५ इंची टीव्ही जास्त समाधान देईल. प्रोजेक्टर हे रात्रीचं, दिवे मालवून सिनेमा बघणाऱ्या घराचं यंत्र आहे.

ल्युमेनचा खरा हिशोब

उजेड ल्युमेनमध्ये मोजतात, पण खोक्यावरचे ‘९००० ल्युमेन’, ‘१२००० ल्युमेन’ हे भिंतीवर पडणाऱ्या उजेडाचे आकडे नसतात. फार तर ते आतल्या एलईडी दिव्याचे असतात, पुष्कळदा तेही नसतात. स्वस्त प्रोजेक्टरमध्ये एकच एलसीडी पॅनेल असतं. दिव्याचा उजेड आधी पोलरायझरमधून जातो, तिथे निम्मा संपतो. मग लाल-हिरव्या-निळ्या फिल्टरमधून जाताना उरलेल्यातला सुमारे दोन तृतीयांश जातो. पॅनेलची जाळी आणि लेन्स आणखी खातात. शेवटी भिंतीवर पोचतो तो मूळ उजेडाचा जेमतेम काही टक्के भाग.

म्हणून ‘ॲन्सी ल्युमेन’ किंवा ‘आयएसओ ल्युमेन’ असं स्पष्ट लिहिलेला आकडाच धरायचा. या पद्धतींत पडद्यावर पांढरं चित्र टाकून त्याचे नऊ समान भाग करतात, प्रत्येक भागाच्या मध्यावर उजेड मोजतात आणि सरासरीला पडद्याच्या क्षेत्रफळाने गुणतात. चिनी कंपन्यांचे ‘सीव्हीआयए ल्युमेन’ही मोजमापावर आधारलेले असतात, त्यामुळे त्यांवर बऱ्यापैकी विसंबता येतं. नुसतं ‘ल्युमेन’, ‘एलईडी ल्युमेन’ किंवा ‘लक्स’ लिहिलं असेल तर तो आकडा सोडून द्या.

आता तुम्हाला किती लागतील? सिनेमागृहातल्या डिजिटल पडद्यासाठी ४८ निटची तेजस्विता प्रमाण मानली जाते. घरच्या पांढऱ्या, चमक नसलेल्या भिंतीवर तेवढी मिळवायची तर दर चौरस मीटरला साधारण १८० ल्युमेन पडावे लागतात. १०० इंची चित्र २२१ सेंटीमीटर रुंद आणि १२५ सेंटीमीटर उंच असतं, म्हणजे सुमारे २.७६ चौरस मीटर. त्याला ५०० ल्युमेन हवेत. ८० इंचाला सुमारे ३२०, १२० इंचाला सुमारे ७१०. हे सगळं पूर्ण काळोखात.

या आकड्यांवर दीडपट चढवून खरेदी करा. कारण कंपनीचा आकडा सर्वांत प्रखर मोडमधला असतो. त्या मोडमध्ये रंग हिरवट-निळसर दिसतात, म्हणून सिनेमासाठी ‘सिनेमा’ किंवा ‘मूव्ही’ मोड लावला जातो आणि तिथेच उजेड बराच कमी होतो. की-स्टोन (तिरकं पडलेलं चित्र सरळ करणारी सोय) लावला की आणखी थोडा जातो, आणि दिवा जुना होतो तसा तोही मंदावतो.

दिवा चालू ठेवला तर काय होतं, तेही आकड्यांत बघू. २० वॅटचा एक एलईडी बॅटन सुमारे २००० ल्युमेन उजेड देतो. दहा बाय बाराच्या खोलीत त्यामुळे भिंतीवर ढोबळमानाने ५० ते १०० लक्स, म्हणजे दर चौरस मीटरला तेवढे ल्युमेन, पडतात. मधला ७० धरू. ३०० ल्युमेनचा प्रोजेक्टर १०० इंचावर सुमारे १०९ लक्स टाकतो. मग चित्रातला सर्वांत काळा भाग ७० लक्सचा आणि सर्वांत पांढरा १७९ लक्सचा. फरक अडीचपट, म्हणजे सगळं राखाडी. ३००० ल्युमेनच्या प्रोजेक्टरने हाच फरक सोळापटीच्या वर जातो. मॅच आरामात बघता येते, पण रात्रीच्या प्रसंगांनी भरलेला सिनेमा तरीही नाही. प्रोजेक्टर काळा रंग टाकू शकत नाही. भिंत जेवढी उजळ दिसते, तेवढाच तुमचा ‘काळा’ उजळ.

वन बीएचकेमध्ये हॉलचा दिवा मालवला तरी स्वयंपाकघराचा उजेड समोरच्या भिंतीवर येतो. मधल्या दाराला जाड पडदा लावणं हा दोन-तीनशे ल्युमेन जास्त विकत घेण्यापेक्षा कितीतरी स्वस्त उपाय आहे. खिडक्यांना ब्लॅकआउट कापड लावताना पडद्याची रुंदी खिडकीच्या दोन्ही बाजूंना किमान सहा-सहा इंच जास्त ठेवा, नाहीतर कडेने उजेडाच्या पट्ट्या येतात.

खोली मोजा

चित्र किती मोठं पडेल हे थ्रो रेशोवर ठरतं: लेन्सपासून भिंतीपर्यंतचं अंतर भागिले चित्राची रुंदी. बहुतेक घरगुती प्रोजेक्टरांचा थ्रो रेशो १.२ ते १.३५ असतो. लेन्स ते भिंत ९ फूट मिळत असेल आणि थ्रो रेशो १.२ असेल, तर रुंदी साडेसात फूट, म्हणजे सुमारे १०३ इंची चित्र. दहा फुटी खोलीत हे जमतं, कारण मागच्या भिंतीला प्रोजेक्टर, वायर आणि हवा खेळायला जागा मिळून फूटभर सोडावंच लागतं. बाल्कनीचं दार किंवा कपाट मध्ये येत असेल तर प्रत्यक्ष अंतर टेपने मोजा. ‘खोली दहा बाय बाराची आहे’ एवढ्या माहितीवर खरेदी करू नका.

किती लांबून बघणार यावर रिझोल्यूशन ठरवा. १०० इंची चित्रात १०८०पीचे ठिपके साधारण १३ फुटांपलीकडून डोळ्याला वेगळे दिसत नाहीत, ७२०पीचे मात्र १९ फुटांपर्यंत दिसू शकतात. घरात आपण ९-१० फुटांवर बसतो. म्हणजे १०८०पी चांगलं वाटतं आणि ७२०पीमध्ये सबटायटलच्या अक्षरांना जाळी दिसते. त्यामुळे ‘नेटिव्ह रिझोल्यूशन (पॅनेलवरचे प्रत्यक्ष ठिपके) १९२० x १०८०’ ही किमान अट ठेवा. ‘फोर-के सपोर्ट’ म्हणजे फोर-के फाइल आत घेऊन तिला पॅनेलच्या मापात आकसून दाखवणं, एवढंच.

खऱ्या फोर-केच्या नावाने विकल्या जाणाऱ्या डीएलपी, म्हणजे सूक्ष्म आरशांच्या चिपवर चालणाऱ्या, प्रोजेक्टरांत बहुतांशी ०.४७ इंचाची चिप असते. तिच्यावर १९२० x १०८० आरसेच असतात. ते चित्र अतिशय वेगाने चार जागी सरकवून ८३ लाख ठिपके भिंतीवर उमटवतात. ही फसवणूक नाही, तपशील खरोखर वाढतो. पण तो अनुभवायचा तर सबस्क्रिप्शनही फोर-केचं हवं.

प्रोजेक्टर ठेवायचा कुठे, हा प्रश्न लोक शेवटी विचारतात. तो पहिल्यांदा विचारायला हवा. स्वस्त एलसीडी प्रोजेक्टरांत बहुधा लेन्सच्या समोर चित्राचा मध्य येतो. म्हणजे तो चित्राच्या मधोमध उंचीवर ठेवायला हवा, आणि नेमकी तिथेच बसलेल्यांची डोकी असतात. म्हणून लोक तो खाली टीपॉयवर ठेवून वर तिरका करतात, मग चित्र वरच्या बाजूला रुंद होतं आणि ते सरळ करायला डिजिटल की-स्टोन लावतात. की-स्टोन म्हणजे पॅनेलच्या कडेचे ठिपके बंद करून उरलेल्यात चित्र कोंबणं. स्पष्टता कमी होते, आणि काळोखात सरळ केलेल्या चित्राभोवती फिकट राखाडी चौकट दिसत राहते. बहुतेक डीएलपी प्रोजेक्टरांत चित्र लेन्सच्या रेषेपासून वर उठतं, त्यामुळे ते कमी उंचीच्या टेबलावर सरळ ठेवले तरी चालतात, आणि उलटे टांगले की चित्र खाली पडतं.

आपल्याकडे छताला पंखा असतो, हे परदेशी मार्गदर्शनात कुठेच सापडत नाही. पंखा खोलीच्या मध्यभागी, म्हणजे बरोबर उजेडाच्या वाटेत. प्रोजेक्टर छताला लावायचा असेल तर लेन्सपासून चित्राच्या वरच्या कडेपर्यंत दोरी ताणून बघा. ती पात्यांच्या खालून किमान अर्धा फूट मोकळी जायला हवी. नाहीतर चित्राच्या वरच्या भागात सतत फडफड दिसते. ब्रॅकेट पंख्याच्या हुकाजवळ लावू नका, पंख्याचं कंपन स्लॅबमधून येतं आणि १०० इंचावर तेच चित्राची थरथर होऊन दिसतं. स्क्रू फॉल्स सीलिंगच्या पीओपीत नव्हे, वरच्या स्लॅबमध्येच जायला हवेत. बहुतेक घरांत मागच्या भिंतीवर साडेसहा-सात फुटांवर मजबूत लाकडी फळी हा छतापेक्षा बरा मार्ग ठरतो: वायर दिसत नाही, पुसायला हात पोचतो आणि पंख्याचा त्रास नाही. खाली उघडणारा पडदा लावणार असाल तर तो पंख्याच्या वाऱ्याने हलतो. दोन्ही बाजूंनी ताण देणारा पडदा घ्या किंवा सरळ भिंतीवर बघा.

भिंत पुरेशी चांगली असते, पण रंग बघा. क्रीम किंवा आयव्हरी भिंत चित्राला पिवळट करते. साटन किंवा चमकदार फिनिशवर मधोमध तेजाचा गोळा दिसतो. साधा मॅट पांढरा इमल्शन, दोन हात, हे पुरतं. त्याआधी भिंतीवर टॉर्च कडेने धरून बघा. पुट्टीचे उंचवटे तेव्हाच दिसतात आणि हळू सरकणाऱ्या दृश्यांत तेच डोळ्यांत येतात.

नेटफ्लिक्स चालतं का, हा प्रश्न नीट विचारा

‘अँड्रॉइड प्रोजेक्टर’ आणि ‘गुगल टीव्ही प्रोजेक्टर’ या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. पहिल्यात बऱ्याचदा मोबाइलसाठीची मोकळी अँड्रॉइड प्रणाली टीव्हीसारखी सजवून घातलेली असते. तिच्यावर ॲप उघडतात, पण वाइडवाइन नावाच्या सुरक्षा व्यवस्थेचा वरचा स्तर, एल-१, नसतो. मग नेटफ्लिक्स आणि प्राइम ४८०पीच्या आसपास अडकतात. १०० इंचावर ४८०पी म्हणजे चेहरे मेण लावल्यासारखे. काही प्रोजेक्टरांवर गुगल टीव्हीचा अधिकृत परवाना असतो, पण नेटफ्लिक्सचा स्वतंत्र परवाना नसतो. तिथे नेटफ्लिक्स स्टोअरमध्ये सापडतच नाही. दुकानदाराला ‘चालतं का’ असं विचारू नका, तो ‘हो’ म्हणणार. ‘नेटफ्लिक्स अधिकृत आहे का, एचडीमध्ये चालवून दाखवा’ असं म्हणा. प्राइमवर सिनेमा सुरू झाल्यावर कोपऱ्यात ‘एचडी’ किंवा ‘यूएचडी’ दिसतं का ते बघा.

मोबाइलचं चित्र प्रोजेक्टरवर मिरर करून काम भागेल असं समजू नका. संरक्षित सिनेमाला बहुतेक वेळा फक्त आवाज येतो आणि भिंत काळी राहते.

आमचं स्पष्ट मत असं: प्रोजेक्टर निवडताना आतल्या ॲपना शून्य गुण द्या आणि बाहेरून स्टिक लावा. फायर टीव्ही स्टिक किंवा गुगल टीव्हीवर चालणारं छोटं यंत्र तीन ते सहा-सात हजारांत मिळतं, त्यावर सगळी ॲप पूर्ण दर्जाने चालतात आणि अपडेट येत राहतात. प्रोजेक्टरची लेन्स पाच-सात वर्षं टिकते, आतला प्रोसेसर दोन वर्षांत अडखळायला लागतो. दोन्हीचं आयुष्य वेगळं असल्यामुळे दोन्ही वेगळं घेणंच शहाणपणाचं.

स्टिक लावताना तीन गोष्टींत घोळ होतो. एक, तिला प्रोजेक्टरच्या यूएसबीमधून वीज दिली जाते. पुष्कळ प्रोजेक्टरांचा यूएसबी फक्त अर्धा अँपिअर देतो, स्टिकला एक अँपिअर लागतो. मग सिनेमा मध्येच थांबून स्टिक पुन्हा सुरू होते आणि दोष वायफायवर जातो. सोबत आलेला ॲडॅप्टर वापरा. दोन, स्टिक गरम हवेच्या झरोक्याला चिकटून बसते; सोबतची छोटी एचडीएमआय एक्स्टेन्शन वायर लावून ती दूर ठेवा. तीन, राउटर हॉलच्या दुसऱ्या टोकाला आणि स्टिक २.४ गिगाहर्ट्झवर. नेटफ्लिक्स १०८०पीसाठी ५ एमबीपीएस आणि फोर-केसाठी १५ एमबीपीएस सुचवतं. वेग तेवढा हवाच, पण तो स्टिकवर मोजा, मोबाइलवर नाही.

प्लॅनही तपासा. नेटफ्लिक्सचा १४९ रुपयांचा मोबाइल प्लॅन प्रोजेक्टरवर चालत नाही, १९९चा बेसिक ७२०पीवर थांबतो. १०८०पी पॅनेलचा उपयोग ४९९च्या प्लॅनपासून सुरू होतो आणि फोर-के ६४९मध्ये. प्लॅनच्या किमती बदलत राहतात, पण दर्जाची ही उतरंड बदलत नाही. पन्नास हजारांचा प्रोजेक्टर १९९च्या प्लॅनवर चालवणारी घरं पुष्कळ आहेत.

सेटिंगमध्ये एक बदल जरूर करा. स्टिकच्या डिस्प्ले सेटिंगमध्ये एचडीआर बंद करा. एचडीआर (उजळ-काळ्याचा मोठा पल्ला दाखवणारं चित्र) हे टीव्हीच्या शेकडो निटसाठी बनवलेलं असतं. ५० निटच्या भिंतीवर ते चित्र अंधारून टाकतं, आणि ‘सिनेमा फार काळा दिसतो’ ही तक्रार बहुतेक वेळा इथूनच येते. ‘मूळ फ्रेम रेट जुळवा’ हा पर्याय असेल तर चालू करा. सिनेमा सेकंदाला २४ चित्रांचा असतो. तो ६०वर ताणला की कॅमेरा आडवा फिरताना चित्र हिसके खातं.

बजेटनुसार काय मिळतं

२२ सप्टेंबर २०२५पासून प्रोजेक्टरवरचा जीएसटी २८ वरून १८ टक्क्यांवर आला, त्यामुळे त्याआधीच्या व्हिडिओंतल्या किमती आज धरू नका. खालचे आकडेही ढोबळ आहेत, सणाच्या सेलमध्ये ते सरकतात.

दहा हजारांखाली: या गटात उभा नळकांडी आकाराचा, मानेवर फिरणारा, ‘एचवाय ३००’ साच्याचा प्रोजेक्टर वेगवेगळ्या नावांनी विकला जातो. पॅनेल १२८० x ७२०, उजेड शंभर-दोनशे ल्युमेनच्या घरात, प्रणाली मोबाइलची अँड्रॉइड. मुलांच्या खोलीत छतावर ५०-६० इंची कार्टून, एवढंच त्याचं काम, आणि तेवढं तो करतो. घरातला मुख्य सिनेमा म्हणून घेऊ नका.

पंधरा ते तीस हजार: बहुतेक घरांसाठी हाच गट. झेब्रॉनिक्स, पोर्ट्रॉनिक्स, ईगेट, वझॅटको अशा नावांखाली इथे १०८०पीचे एक-पॅनेल एलसीडी प्रोजेक्टर मिळतात. तीन गोष्टी मागा: नेटिव्ह १०८०पी, लिहून दिलेले किमान ४०० ॲन्सी ल्युमेन, आणि बंदिस्त ऑप्टिकल इंजिन (दिवा, पॅनेल आणि लेन्स यांचा आतला संच). ही तिसरी अट आपल्याकडे सर्वांत महत्त्वाची. उघड्या इंजिनमध्ये थंड करणारा पंखा बाहेरची हवा थेट पॅनेलवर मारतो. आपल्या धुळीत काही महिन्यांत पॅनेलवर कण बसतात आणि अंधाऱ्या दृश्यांत ते फिकट, धूसर ठिपके होऊन दिसतात. साफ करायचे तर यंत्र पूर्ण उघडावं लागतं आणि वॉरंटी जाते. बंदिस्त इंजिनमध्ये पॅनेलभोवतीची हवा आतल्या आतच फिरते. ऑटोफोकस ही चैन नाही: प्लास्टिकची लेन्स गरम झाली की पंधरा-वीस मिनिटांत फोकस सरकतो, आणि हाताने फोकस करणाऱ्या मॉडेलमध्ये दरवेळी उठावं लागतं.

या गटाचा खरा उणेपणा कॉन्ट्रास्ट, म्हणजे काळ्या-पांढऱ्यातला फरक. काळोखी दृश्यं राखाडी दिसणारच. ८०-९० इंचांवर थांबलात तर चित्र घट्ट दिसतं; १२० इंचांवर ताणलंत तर पातळ होतं.

याच किमतीत ऑनलाइन आणि जुन्या बाजारात ऑफिसचे प्रोजेक्टर मिळतात आणि त्यांचे ३००० ल्युमेन खरे असतात, म्हणून मोह होतो. त्यांचं पॅनेल बघा. एप्सनचा ईबी-ई०१ हे त्यांतलं नेहमीचं नाव: ३३०० ल्युमेन, पण १०२४ x ७६८. सिनेमा १६:९ आकाराचा असल्यामुळे त्यावर प्रत्यक्षात १०२४ x ५७६ एवढेच ठिपके वापरले जातात आणि पाव पॅनेल वर-खाली वाया जातं. कीर्तनाला, वर्गाला, सोसायटीच्या सभेला उत्तम, सिनेमाला नाही. जुना घेताना दिव्याचे तास मेनूमध्ये बघा, नव्या दिव्याची किंमत आधी विचारा.

चाळीस ते ऐंशी हजार: इथे हातात मावणारे डीएलपी प्रोजेक्टर आहेत. काळा रंग चांगला, लेन्स काचेची, इंजिन बंदिस्त, आवाजही सुधारलेला. पण उजेडासाठी आकडा वाचा. सॅमसंगचा ‘द फ्रीस्टाइल’ ८३० ग्रॅमचा, वापरायला अतिशय सुबक, सॅमसंगच्या टायझन प्रणालीवर सगळी ॲप अधिकृत. उजेड मात्र सुमारे २३० ॲन्सी ल्युमेन. वरच्या हिशोबाने तो काळोखात ६५-७० इंचांचा प्रोजेक्टर आहे, १०० इंचांचा नाही. बेडरूममध्ये छतावर बघायला किंवा गावी न्यायला घेत असाल तर जरूर घ्या. हॉलसाठी याच पैशात एक्सजिमी किंवा बेनक्यूचं जास्त ल्युमेनचं मॉडेल शोधा.

डीएलपी घेण्याआधी दुकानात काळ्या पडद्यावर पांढरी अक्षरं चालवून डोळे झटकन इकडून तिकडे फिरवा. काहींना लाल-हिरव्या-निळ्या कडा चमकताना दिसतात. एकच चिप रंग एकामागून एक दाखवते, त्याचा हा परिणाम. ज्याला दिसतो त्याला तो दोन तास छळतो. घरातल्या सगळ्यांनी बघावं. दिसत असेल तर एप्सनचं थ्री-एलसीडी तंत्र घ्या, त्यात तिन्ही रंग एकाच वेळी पडतात.

हॉलमध्ये थोडा उजेड राहणारच असेल तर साठ हजार ते लाखाच्या आसपासचा, १०८०पीचा, ३००० ल्युमेनच्या वरचा दिव्याचा प्रोजेक्टर. थ्री-एलसीडीमध्ये पांढऱ्या आणि रंगीत उजेडाचा आकडा सारखा असतो. दिव्याच्या डीएलपीमध्ये कलर व्हीलवर (रंग देणाऱ्या फिरत्या चकतीवर) पांढरा तुकडा असेल तर पांढरा झगझगीत आणि लाल-पिवळे रंग मळकट असं होतं. सिनेमासाठी बनवलेल्या मॉडेलमध्ये हा तुकडा नसतो. या यंत्रांना २५०-३०० वॅट लागतात आणि दिवा तापतो. वीज गेली की थंड करणारा पंखाही थांबतो आणि दिव्याचं आयुष्य घटतं, म्हणून जिथे भारनियमन आहे तिथे प्रोजेक्टर प्युअर साइन वेव्ह इन्व्हर्टरवर घ्या. एलईडी आणि लेझरला हा धोका फार कमी.

लाखाच्या वर फोर-के लेझर आणि भिंतीला खेटून ठेवायचे अल्ट्रा शॉर्ट थ्रो. भिंतीपासून वीस-पंचवीस सेंटीमीटरवर १०० इंच, पंख्याचा आणि डोक्यांचा प्रश्नच नाही. मात्र त्यांचा उजेड खालून अगदी तिरका जातो, त्यामुळे भिंतीचा प्रत्येक उंचवटा लांब सावली टाकतो आणि सरळ रेषा वाकतात. त्यासाठी चौकटीत ताणलेला, छताचा उजेड गिळणारा खास पडदा लागतोच. त्याचे पैसे बजेटमध्ये धरले नसतील तर हा गट सोडा.

आवाज

पाच वॅटचा स्पीकर पंख्याच्या आवाजात संवाद पोचवत नाही. साउंडबार लागेलच. प्रोजेक्टरला ‘एआरसी’ (त्याच वायरमधून आवाज बाहेर देणारं) लिहिलेलं एचडीएमआय असेल तर तिथून जोडा. नसेल तर ३.५ एमएमची वायर. ब्लूटूथ शेवटचा पर्याय: ओठ आणि आवाज यांत दहावा-पाचवा भाग सेकंदाचा फरक पडतो. ब्लूटूथच वापरायचं असेल तर साउंडबार प्रोजेक्टरला नव्हे, स्टिकला जोडा. ॲप तो उशीर ओळखून चित्र थोडं थांबवू शकतात.

खोकं आल्यावर

ऑनलाइन घेताना ‘७ दिवस रिटर्न’ आणि ‘७ दिवस सर्व्हिस सेंटर रिप्लेसमेंट’ यांतला फरक वाचा. दुसऱ्यात पैसे परत मिळत नाहीत. आल्या दिवशीच तपासणी करा. अर्धा तास चालवून मगच फोकस बघा. मध्यभाग स्पष्ट करून चारही कोपऱ्यांत अक्षरं वाचा. पूर्ण काळं चित्र टाकून पांढरे ठिपके शोधा, पूर्ण पांढरं टाकून पिवळट डाग शोधा. धुळीचा संशय आला तर फोकस थोडा हलवा: चित्र धूसर होताना एखादा डाग उलट रेखीव झाला तर तो कण आत आहे.

ल्युमेनही घरी मोजता येतात. हजार-दीड हजारांचा लक्स मीटर पुरतो. अँड्रॉइड मोबाइलचं ॲप ढोबळ अंदाज देतं. खोली काळोखी करा, पांढरं चित्र टाका, भिंतीवर पेन्सिलने तीन बाय तीन चौकोन आखा, मीटरचं तोंड लेन्सकडे ठेवून नऊ मध्यबिंदूंवर वाचन घ्या, सरासरी काढून चौरस मीटरमधल्या क्षेत्रफळाने गुणा. ५०० लिहिलेला प्रोजेक्टर ४२०-४५० देत असेल तर ठीक. २०० देत असेल तर मोजमापाच्या फोटोंसह परत करा.

पावसाळ्यात, विशेषतः मुंबईत आणि कोकणात, महिनोन्महिने बंद ठेवलेल्या प्रोजेक्टरच्या लेन्सवर बुरशी धरते. आठवड्यातून निदान अर्धा तास चालवा, किंवा सिलिका जेलच्या पुड्या घालून झाकणाच्या डब्यात ठेवा आणि पुड्या ओलावल्या की बदला. जाळी-फिल्टर असलेल्या मॉडेलचा फिल्टर दर दोन-तीन महिन्यांनी मऊ ब्रशने झटका. लेन्सला फक्त ब्लोअर आणि मायक्रोफायबर. कोलीन नको, त्याने लेन्सवरचा थर उतरतो. बंद करताना बटन दाबा, आतला पंखा थांबेपर्यंत थांबा आणि मगच भिंतीवरचा स्विच बंद करा.